बुवा अजून बोलले नाहीत

तात्यांबरोबर वाळवंट बघायला जायचं असेल तर कान साफ करून जावं. डोळे घरी ठेवले तरी चालतात. तात्यांना तुम्ही ओळखताच. तात्या नसतील तर तुमचे शेजारी असतील, व्याही असतील, महाराष्ट्र मंडळाचे माजी खजिनदार असतील. गाडी पार्कच्या हद्दीत शिरली की ज्यांचा फोन बोलायला लागतो आणि बाकी सगळ्यांचं बोलणं बंद होतं, ते.

दक्षिण कॅलिफोर्नियात राहायचं म्हणजे वाळवंट पाचवीला पुजलेलं. एका बाजूला जोशुआ ट्री, वर मोहावी, त्याच्याही वर डेथ व्हॅली. पूर्वी आम्ही जायचो, गाडी थांबवायचो, 'अबब' म्हणायचो, दशम्या-चटणी खायचो आणि परत यायचो. मग ते ॲप आलं. पंधरा-वीस डॉलर भरायचे आणि घरच्या वायफायवर सगळं उतरवून घ्यायचं, कारण तिकडे फोनला रेंज नसते. रेंज नसली तरी आपण कुठे आहोत हे फोनला उपग्रहाकडून कळत राहतं. ठरलेलं वळण आलं की एक भरदार आवाज आपोआप सुरू होतो: आता उजवीकडे बघा.

या आवाजाला तात्यांनी पहिल्याच दिवशी 'बुवा' करून टाकलं. नाव चपखल आहे. आधी भूगर्भशास्त्राचा पूर्वरंग, मग सोन्याच्या शोधात निघालेल्या तांड्याचं आख्यान, मध्येच खेचरांच्या गळ्यातल्या घंटांची साथ आणि शेवटी भरपूर पाणी प्या असा उपदेश. आरतीचं ताट तेवढं फिरत नाही, कारण दक्षिणा आधीच घेतलेली असते.

बुवांवर माझा अजिबात राग नाही. जाणकार माणूस आहे, पाठांतर पक्कं आहे. माझा राग तात्यांच्या एका वाक्यावर आहे: "बुवा अजून बोलले नाहीत."

जोशुआ ट्रीमध्ये रस्त्याला अगदी खेटून एक भला मोठा खडक आहे. पावसाच्या पाण्याने झिजून त्याला डोळ्यांच्या दोन खोबणी पडल्यात आणि नाकही बसलंय. कवटी म्हणजे कवटीच. मागच्या सीटवरची पोरं ओरडली, "कवटी! कवटी!" तात्यांनी मान वळवली नाही. "बुवा बोलले का? नाही ना? मग ती नव्हे." आणि गाडी पुढे. दोन-तीन मैलांवर बुवांना जाग आली. "तुमच्या शेजारी आता जो खडक दिसतोय..." तात्यांनी करकचून ब्रेक मारला, गाडी वळवली, परत आले, उतरले, कवटीकडे पाहिलं आणि पोरांना म्हणाले, "बघा! कवटी!"

डेथ व्हॅलीला जाताना बेकर नावाचं गाव लागतं. तिथे जगातला सगळ्यात उंच थर्मामीटर उभा आहे, १३४ फूट. उंची मुद्दाम तेवढीच ठेवली आहे, कारण १० जुलै १९१३ ला डेथ व्हॅलीत १३४ अंश फॅरनहाइट तापमान नोंदलं गेलं, म्हणजे आपलं ५६.७ सेल्सिअस. हा खांब मैलभरावरून दिसतो. पण बुवांचं कीर्तन पार्कच्या हद्दीपासून सुरू होतं. म्हणून आमच्या कितीतरी फेऱ्या झाल्या तरी तात्यांच्या लेखी बेकरला थर्मामीटर नाही.

एका वर्षी दोन गाड्या झाल्या. ॲपची खरेदी एका गाडीपुरती, आणि दुसऱ्यांदा पैसे भरणं हे तात्यांच्या तत्त्वात बसेना. त्यांनी वॉकीटॉकीची जोडी आणली. पुढच्या गाडीत वहिनींनी फोनच्या तोंडाशी वॉकीटॉकी धरायचा आणि मागच्या गाडीत आम्ही तो ऐकायचा. बुवा पुढच्या गाडीची जागा बघून बोलणार आणि आम्ही अर्धा मैल मागे. "आता उजवीकडे बघा, निसर्गाचा चमत्कार!" आम्ही बघितलं. सार्वजनिक संडास होता. मधूनच तात्यांचा आवाज यायचा, "दिसलं का? ओव्हर." आम्ही "दिसलं, ओव्हर" म्हणून मोकळे व्हायचो.

आर्टिस्ट्स ड्राइव्हचं प्रकरण याच फेरीतलं. नऊ मैलांचा हा एकेरी रस्ता डोंगराच्या कुशीतून जातो. लोखंडामुळे दगड तांबडे, गुलाबी, पिवळे झालेत, मँगनीजमुळे जांभळे. मधोमध तात्यांना शिंक आली आणि नेमकं त्या शिंकेत बुवांचं एक वाक्य गेलं. मागे वळता येत नाही, एकेरी रस्ता. तात्यांनी तो पुरा केला, मुख्य रस्त्याला लागले, पुन्हा त्याच तोंडाशी आले आणि पुन्हा आत शिरले. मागोमाग आम्ही. हुकलेलं वाक्य असं निघालं, की गाडी पंचवीस फुटांपेक्षा लांब असेल तर इथे आणू नका. (दुसऱ्या फेरीला ऊन कललं होतं आणि रंग असे काही पेटले होते की माझ्याकडचा त्या जागेचा सगळ्यात चांगला फोटो तेव्हाचा आहे. हे तात्यांना सांगितलेलं नाही.)

कायोटीचा किस्सा मात्र मी मरेपर्यंत विसरणार नाही. कोल्हा आणि लांडगा यांच्या मधलं हे जनावर. फर्नेस क्रीकच्या अलीकडे रस्त्याच्या कडेला चक्क उभं होतं. अंगावर भुरकट केस, पाय काटकुळे, नजर थेट आमच्या काचेवर. बुवांचं १८४९ सालचं आख्यान ऐन रंगात आलं होतं. कॅलिफोर्नियातल्या सोन्याकडे निघालेली बैलगाड्यांची एक तुकडी जवळची वाट म्हणून या दरीत उतरली, अडकली, बैल मारून खाल्ले, दोन तरुण पायी निघाले आणि अडीचशे मैलांवरून अन्न घेऊन परत आले. मी म्हटलं, "तात्या, तिकडे..." तात्या म्हणाले, "शू!" वहिनी म्हणाल्या, "अहो, तो बघा..." तात्या म्हणाले, "शू! बैल मारतायत." कायोटी कंटाळला आणि रस्ता ओलांडून झुडपात गेला. आख्यान संपलं. मग बुवा म्हणाले, की या भागात नशीब असेल तर कायोटी दिसू शकतो. तात्यांनी गाडी कडेला घेतली, डिकीतून दुर्बीण काढली आणि पाऊण तास त्या उजाड माळावर कायोटी शोधला. मग हळहळून म्हणाले, "आपल्या नशिबात नाही."

आता वहिनींबद्दल सांगायला हवं, कारण या सगळ्या प्रवासात वाळवंट बघितलं ते एकट्या त्यांनी. पार्कच्या केंद्रात मिळणारा कागदी नकाशा त्या मांडीवर उलगडून बसतात आणि बाहेर बघत राहतात. डेथ व्हॅलीत फोनच्या भरवशावर आडवाटेला शिरू नका असं पार्कवालेच बजावतात, त्यामुळे नकाशाला तात्यांची ना नाही. बुवा मृत्यूचं वर्णन करत होते तेव्हा वहिनी नकाशावर बोट ठेवून म्हणाल्या, "इथं तर वस्ती आहे. टिंबिशा शोशोनी." तात्या म्हणाले, "येतील बुवा त्यावर." बुवा आले, पण दोन वाक्यांत आटोपून पुढे गेले. या लोकांचे पूर्वज गोऱ्यांच्या बैलगाड्या येण्याच्या कितीतरी आधीपासून इथे राहत होते. त्यांची काही जमीन त्यांच्या नावावर व्हायला सन २००० चा कायदा यावा लागला. वाळूच्या टेकड्यांपाशी वहिनी उतरल्या, एका काटेरी झाडाची शेंग तोंडापाशी नेऊन हुंगली आणि म्हणाल्या, "अगंबाई, ही तर आपली वेडी बाभूळ!" अगदी तीच नव्हे, पण तिची सख्खी चुलत बहीण नक्की. टिंबिशा लोक याच शेंगा दळून पीठ करायचे. आपल्याकडे वेड्या बाभळीच्या शेंगा शेळ्या खातात. तात्या गाडीतूनच ओरडले, "बुवा झाडांवर नंतर बोलणारेत!"

इतकं झाल्यावर तात्यांबरोबर मी पुन्हा का जातो, असं कुणीही विचारेल. कारण व्यावहारिक आहे. माणशी दिवसाला चार लिटर पाणी धरून वर दोन कॅन जादा घेणारा, टायरची हवा दोनदा तपासणारा आणि उन्हाळ्यात तिकडे फिरकूही न देणारा माणूस त्या दरीत बरोबर असलेला बरा. पाण्याच्या बाबतीत तात्या बुवांच्या बोलण्याची वाट बघत नाहीत. हे माझ्या लक्षात आलं होतं. त्याचा अर्थ लागला तो दांतेज व्ह्यूवर.

दांतेज व्ह्यू म्हणजे साडेपाच हजार फुटांवरचा सज्जा. सरळ खाली बॅडवॉटरचं पांढरं मिठाचं मैदान, समुद्रसपाटीच्या २८२ फूट खाली, उत्तर अमेरिकेतली सगळ्यात खोल जागा. समोर पॅनामिंट डोंगर, त्यातलं टेलिस्कोप शिखर ११,०४९ फूट. परतीच्या वाटेवर आम्ही तिथे थांबलो होतो. गाडीची दारं उघडी आणि आत बुवा. हे वाळवंट इथे का, ते सांगत होते. पॅसिफिकवरून ढग येतात, किनाऱ्याच्या डोंगरांवर बरसतात, मग सिएरा नेवाडावर, मग आणखी दोन रांगांवर, आणि इथवर पोचेतो रिकामे होतात. वर्षाला जेमतेम दोन इंच पाऊस. याला म्हणतात पर्जन्यछाया.

तात्यांनी फोन बंद केला.

बुवांचं वाक्य अर्ध्यात तोडलेलं मी त्याआधी कधी पाहिलं नव्हतं. वहिनींनीही नकाशातून मान वर केली.

"ह्ये मला म्हाईत हाय," तात्या म्हणाले.

तात्या माणचे, दहिवडीच्या पलीकडचे. महाबळेश्वर त्याच सातारा जिल्ह्यात. तिथे वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर कोसळतो, आणि तिथून सरळ रेषेत शंभर किलोमीटरवर असलेल्या माणला पाचशेच्या आत-बाहेर, तोही आला तर. ढग लहानपणी डोक्यावरून जाताना रोज दिसायचे, तात्या म्हणाले, भरलेले वाटायचे, पण सह्याद्रीवर सांडून आलेले असायचे. १९७२ ला तात्या दहा वर्षांचे होते. आई-वडील दुष्काळी कामावर खडी फोडायचे, तात्या धाकट्या बहिणीला घेऊन झाडाखाली बसायचे. खायला सुकडी, आणि रेशनवर तांबडी मिलो. ती मिलो अमेरिकेहून यायची.

"एक माणूस मेला म्हणून ह्यांनी दरीला मृत्यूचं नाव दिलं," तात्या म्हणाले. "आमच्याकडं गोठेच्या गोठे मोकळे झाले. नाव माणच राहिलं." मग थोड्या वेळाने, "तिथं बघायला कोण येत नव्हतं. तलाठी यायचा. त्यानं कधी म्हटलं नाही, डावीकडं बघा म्हणून. आणेवारी पन्नास पैशांच्या आत का वर, तेवढं लिहून जायचा."

मी विचारलं, "म्हणून बुवा लागतात होय?"

"मग! उजाड माळ बघायला मी तीस डॉलर भरून आत आलो. त्यात बघण्यासारखं काय आहे ते कुणीतरी सांगायला नको? मला तर नुसता माळच दिसतो."

एवढं बोलून त्यांनी फोन पुन्हा सुरू केला. बुवा तुटलेल्या वाक्यापासून पुढे बोलायला लागले आणि तात्या मान डोलावत ऐकू लागले. फक्त एकदा, बुवांनी ढगांचा क्रम सांगितला तेव्हा, "बरोबर" म्हणाले. मास्तर पोराला म्हणतात त्या सुरात.

तात्या यानंतर सुधारले असं कुणाला वाटेल. नाही. पुढच्याच वळणावर सूर्य पॅनामिंटमागे गेला, सगळी दरी तांबूस झाली, आणि तात्यांनी विचारलं, "बुवा काही बोलले का?"

त्या हिवाळ्यात ते गावी गेले आणि माझ्या व्हॉट्सॲपवर फाइली यायला लागल्या. फलटण ते दहिवडी, दहिवडी ते म्हसवड, मध्ये शिखर शिंगणापूरचा फाटा. चुलतभावाच्या जीपमध्ये बसून केलेलं रेकॉर्डिंग आणि आवाज तात्यांचा, पण ढब थेट बुवांची. पहिल्या फाइलमध्ये नियम आहेत: वेग चाळीसच्या आत, पाणी बरोबर, गप्पा बंद. दुसरीत मोगराळे घाट. "आता घाट चढून वर आलात की डावीकडे बघा. काही दिसत नाही? बरोबर. नीट बघा." तिसरीत माणगंगेचं कोरडं पात्र आणि मागे एसटीचा हॉर्न, त्यामुळे अर्धं पात्र ऐकू येत नाही. चौथीत एक पाझर तलाव. तो कुणी खोदला आणि मजुरी किती मिळायची याचं आख्यान चालू असताना मागून वहिनी म्हणतात, "अहो, तो डावीकडे नाही, उजवीकडे येतो." तात्या म्हणतात, "शू!" वहिनी म्हणतात, "शू काय? माझे वडील होते त्या कामावर मुकादम. द्या इकडे तो फोन."

पाचव्या फाइलपासून पुढे आवाज वहिनींचा आहे. तात्या मागून फक्त वेग सांगतात.