सरांना विकिपीडियावर कसं बसवावं

समजा, तुम्ही मराठवाड्यातल्या धर्मापुरीचे. गावातल्या एका प्राध्यापकांनी बोलावून चहा पाजला, फाइल पुढे सरकवली आणि म्हणाले, "विकिपीडियावर आपलं काहीतरी पाहिजे. मी सांगितलं म्हणू नकोस." चहा प्या. फाइल उघडा.

वरच पीएच.डी.ची पदवी असेल. बाजूला ठेवा, ती नोकरीसाठी होती. विभागप्रमुख, अभ्यास मंडळाचे सदस्य, हेही बाजूला. मग 'आंतरराष्ट्रीय' परिसंवादांच्या प्रमाणपत्रांचा गठ्ठा निघेल. त्यातला परदेशी पाहुणा खरंच आला होता का, हे विचारू नका. चहा पिऊन झालाय. आदर्श शिक्षक पुरस्काराची बातमी सरांनीच लिहून पाठवलेली असेल, तर तीही गेली. सर स्वतःबद्दल काय सांगतात ते नव्हे, सरांशी देणंघेणं नसलेले लोक त्यांच्या कामाबद्दल काय लिहितात ते बघायचं.

इंग्रजी विकिपीडियाने प्राध्यापकांसाठी वेगळे निकष केलेत. विषयावर ठसा, मोठा राष्ट्रीय पुरस्कार, मानाच्या अकादमीची फेलोशिप, मोठ्या विद्यापीठाचं कुलगुरुपद, यातलं एक पक्कं बसलं तरी भागतं. साध्या प्राचार्यपदावर सहसा भागत नाही. (हे सरांना तुम्ही सांगू नका.)

विषयावरचा ठसा बघायचा तर इतरांनी दिलेले संदर्भ मोजायला गूगल स्कॉलर आहे, पण संतसाहित्यात हयात घालवलेला माणूस तिथे सापडेलच असं नाही. त्यापेक्षा गावातल्या केदारेश्वराच्या देवळापाशी जा. चालुक्यकालीन मंदिर, भिंतीवरची शिल्पं बघत बसावं अशी. आता स्वतःला विचारा, मराठवाड्यातल्या मंदिरांवर लिहायचं तर कुणाला वगळून चालणार नाही? गो. बं. देगलूरकरांचं नाव घ्यावंच लागतं. सरांच्या विषयात सरांचं तसं आहे का?

नकाराचीही घाई नको. कॅनडाच्या भौतिकशास्त्रज्ञ डॉना स्ट्रिकलंड यांच्यावरचा मसुदा मे २०१८ मध्ये संदर्भ पुरेसे नाहीत म्हणून परत गेला. २ ऑक्टोबरला त्यांना नोबेल जाहीर झालं, आणि लेख त्याच दिवशी झाला.

तेव्हा फाइल परत देताना दोनच संदर्भ मागा: सरांनी न लिहिलेले, सरांच्या विद्यार्थ्यांनीही न लिहिलेले. मिळेपर्यंत केदारेश्वराचे चांगले फोटो काढून विकिमीडिया कॉमन्सवर चढवा. देवळाला कुणी फाइल मागत नाही.