पाणी कॉमन, पार्किंग खासगी

सोसायटीत कोण कशाचा मालक आहे हे पाहायचं तर कागदपत्रं काढू नयेत. कन्व्हेयन्स डीड तर मागूच नये, ते बिल्डरने बहुधा अजून दिलेलंच नसतं. सरळ बेसमेंटमध्ये उतरावं. तिथे खांबाखांबावर लाल ऑइलपेंटने मालकी लिहिलेली असते: ‘ए-३०४. इतर गाडी लावल्यास हवा सोडण्यात येईल.’ शेजारी साखळी, साखळीला कुलूप, आणि गाडी ऑफिसला गेली की जागा राखायला एक मोडकी खुर्ची. बिल्डरला स्टिल्टमधली आणि उघडी पार्किंगची जागा स्वतंत्रपणे विकता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली नहालचंद लालूचंद खटल्यात सांगितलं. निकाल दिल्लीला लागला. खांबावरचा पेंट इथे वाळून गेला होता.

मग ऑगस्ट येतो, पंप बंद पडतो, आणि इंचाइंचाला मालक असलेली ही जागा एका रात्रीत ‘कॉमन एरिया’ होते.

हा पंप बहुतेक सभासदांनी पाहिलेला नसतो. रॅम्पच्या पायथ्याशी लोखंडी जाळी, जाळीखाली खड्डा, खड्ड्यात सबमर्सिबल पंप आणि त्याला वायरीने लटकणारा एक प्लॅस्टिकचा फ्लोट. पाणी वाढलं की फ्लोट वर येतो, पंप सुरू होतो. पाणी उतरलं की फ्लोट खाली, पंप बंद. माणसाची गरजच नाही. आणि ज्याला माणसाची गरज नाही त्याच्याकडे आपल्याकडे कुठलाही माणूस बघत नाही. लॉबीतल्या झुंबराला महिन्यातून एकदा पुसतात. लिफ्टमधल्या आरशाला रोज. पंपाच्या नशिबी दसऱ्याला एक झेंडूचं फूल, तेही पॅनेलला लावतात कारण खड्ड्यापर्यंत कोण वाकणार.

तर परवाच्या पावसात पंप का चालला नाही, याची चौकशी झाली. पॅनेलवरचा खटका ‘ऑटो’वरून ‘मॅन्युअल’वर केलेला निघाला. कुणी केला? वॉचमनने. का? रात्री पंप घरघरतो म्हणून १०१ च्या काकांची झोपमोड होत होती आणि त्यांनी जूनमध्येच लेखी तक्रार केली होती. समितीने तत्परतेने निकालात काढलेली ही एकमेव तक्रार. पुढे फ्लोट तपासला, तर त्याला फरसाणाच्या पिशवीने असा वेढा घातला होता की खटका ऑटोवर असता तरी तो हललाच नसता. म्हणजे काका निर्दोष. मग वीज गेल्यावर जनरेटर का लागला नाही? लागणार कसा, तोही बेसमेंटमध्येच होता, आणि दोन तासांपूर्वीच बुडाला होता. पाण्याशी लढायचं सगळं सामान आपण पाणी जिथे सर्वांत आधी पोचतं तिथेच ठेवतो. पॅनेलसुद्धा गुडघ्याएवढ्या उंचीवर. वायर कमी लागते ना.

आता थोडं गणित. दहा हजार चौरस फुटांचं तळघर आणि त्यात तीन फूट पाणी, म्हणजे साधारण साडेआठ लाख लिटर. दहा हजार लिटरचा एक टँकर धरला तर पंच्याऐंशी टँकर. मे महिन्यात याच सोसायटीने एकेका टँकरसाठी पाणीवाल्याची मनधरणी केली होती. ऑगस्टमध्ये पंच्याऐंशी टँकर, घरपोच, विनामूल्य. खजिनदारांच्या चेहऱ्यावर क्षणभर समाधान तरळून गेलं म्हणतात.

पंप चालला असता तरी एक अडचण होतीच. पंप पाणी उपसून गेटबाहेरच्या गटारात सोडतो. समुद्राला मोठी भरती असली की गटाराचं पाणी पुढे सरकत नाही, रस्ता तुंबतो, आणि रस्ता भरला की पाणी रॅम्पवरून परत सोसायटीत. पंप तेच पाणी पुन्हा बाहेर टाकतो, रस्ता तेच पुन्हा आत पाठवतो. एरवी महापालिका आणि नागरिक यांच्यात इतकी देवाणघेवाण होत नाही. साडेचार मीटरच्या वरच्या भरतीच्या तारखा आणि वेळा पावसाळ्याआधीच जाहीर होतात. आमच्याकडे त्या तारखा सेक्रेटरींनी व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकल्या होत्या. त्याखाली सव्वीस जणांनी हात जोडले होते.

कुणी म्हणेल, सोसायटी म्हणजे हौशी मंडळी, त्यांच्याकडून काय अपेक्षा करायची. खरं आहे, म्हणून व्यावसायिकांकडे बघू. मुंबईची भुयारी मेट्रो १० मे २०२५ रोजी वरळीच्या आचार्य अत्रे चौकापर्यंत आली. २६ मे रोजी पाऊसही आला, आणि स्थानकात उतरला. पायऱ्यांवरून चिखलही खाली आला. बांधकाम अपूर्ण असलेल्या प्रवेशद्वाराशी पाणी अडवायला बांधलेली भिंत पडली, असं स्पष्टीकरण मिळालं. पाऊस अनपेक्षित होता, हेही मिळालं. पाऊस खरंच लवकर आला होता. ११ जूनला यायचा तो २६ मेलाच हजर. पण ज्यांच्या नावाचं स्थानक आहे ते अत्रे असते तर त्यांनी गेल्या दहा हजार वर्षांचा हिशोब काढून अग्रलेख झोडला असता, आणि तोही त्या दिवशी कमीच पडला असता.

पाणी साचल्यावर पहिली गोष्ट करायची ती म्हणजे काहीही न करणं. मेन स्विच खाली आलाय आणि बेसमेंटकडे जाणारी वीज तोडलीय, याची लाइनमनकडून खात्री होईपर्यंत पाण्यात पाय घालायचा नाही. दिल्लीत राजिंदर नगरमध्ये २७ जुलै २०२४ ला कोचिंग क्लासच्या तळघरातल्या वाचनालयात पाणी घुसलं आणि तीन विद्यार्थी बुडून गेले. ते तळघर वाचनालयासाठी नव्हतंच. यावर विनोद करता येत नाही. तळघरात पाणी किती लवकर चढतं, हे मात्र त्या दिवशी सगळ्या देशाने पाहिलं.

आमच्याकडे चौथ्या मजल्यावरचे साहेब गाडी वाचवायला उतरलेच. बॉनेटपर्यंत पाण्यात उभ्या गाडीला त्यांनी स्टार्टर मारला. बुडालेल्या गाडीचं इंजिन सुरू केलं की ते हवेऐवजी पाणी ओढतं; पाणी दाबलं जात नाही, मग पिस्टनचा दांडा वाकतो. विम्यात इंजिनाचं वेगळं संरक्षण घेतलेलं नसेल तर कंपनी हात वर करते. साहेबांनी हप्त्यात बचत म्हणून नेमकं तेच कलम काढून टाकलं होतं. आता ते रोज रिक्षाने जातात आणि रिक्षावाल्याला बेसमेंटच्या रचनेतल्या त्रुटी समजावतात.

भाड्याचा डिझेल पंप दुसऱ्या दिवशी दुपारी आला. पाणी उतरलं तसतशी सोसायटीची अंतर्गत माहिती बाहेर येऊ लागली. पार्किंगमध्ये सामान ठेवायचं नाही, असा ठराव दरवर्षी होतो. पाण्यावर तरंगत आलं ते असं: दोन गाद्या, एक पाळणा, व्यायामाचं बंद पडलेलं यंत्र, आणि थर्माकोलचं गणपतीचं मखर. थर्माकोलच्या सजावटीवर राज्यात २०१८ पासून बंदी आहे, तेव्हा हे मखर कुणाचंच नव्हतं. तीन दिवस ते ए विंग आणि बी विंगच्या मध्ये तरंगत राहिलं. त्यावरची ‘सर्व फ्लॅटधारकांचे सहर्ष स्वागत’ ही पाटी शाबूत होती.

खरं काम पाणी गेल्यावर सुरू होतं. गाळ ओला असतानाच काढायचा. वाळला की तो फरशीला असा धरतो की फावड्यालाही दाद देत नाही. खराटे, वायपर, घमेली. नंतर ब्लीचिंग पावडर. लिफ्टच्या खड्ड्यातलं पाणी वेगळं उपसायचं. पिण्याच्या पाण्याची टाकी तळघरालगत असेल तर ती रिकामी करून धुवायची, झाकण वर होतं म्हणून भागत नाही. आणि ज्यांच्या पायावर जखम आहे त्यांनी त्या पाण्यात उतरू नये, कारण उंदरांच्या मुतातून लेप्टोस्पायरोसिस होतो. उतरलेच असतील तर डॉक्टरांना विचारून लगेच गोळी घ्यावी.

ही सगळी माहिती ग्रुपवर आली. गाळात उतरले ते दोन वॉचमन आणि झाडूवाल्या मावशी. गमबूट एकच जोडी होती, ती चेअरमनसाहेबांनी पाहणीसाठी घातली होती. पहिल्या मजल्यापासून सगळ्या गॅलऱ्या भरल्या होत्या. “कोपऱ्यात राहिलंय बघा,” असं वरून मार्गदर्शन चालू होतं. ज्या खांबावर ‘हवा सोडण्यात येईल’ लिहिलं होतं, त्या खांबाशी मावशी खराटा मारत होत्या. मालक सहाव्या मजल्यावरून त्यांचा व्हिडिओ काढत होते.

रविवारी विशेष सर्वसाधारण सभा भरली. कोरम नव्हता, म्हणून सभा अर्धा तास तहकूब झाली आणि तेवढ्याच माणसांत पुन्हा भरली. वरच्या मजल्यांचं म्हणणं, आमची गाडी बाहेर रस्त्यावर असते, आम्ही खर्च का द्यावा. पार्किंगवाल्यांचं म्हणणं, बेसमेंट सर्वांचं आहे, खर्च समान वाटा. हे तेच सभासद, ज्यांनी मागच्या वर्षी पाहुण्याची स्कूटर दहा मिनिटं उभी राहिली म्हणून पोलीस बोलावले होते. सिंकिंग फंडाला हात लावावा का, यावर पाऊण तास गेला. मावशी आणि वॉचमनना बक्षीस द्यावं, अशी सूचना आली. आत्ताच दिलं तर सवय लागेल, अशी दुरुस्ती आली. विषय दिवाळीला घ्यायचा ठरला. नवा पंप, उंचावर पॅनेल, जनरेटर गच्चीवर किंवा निदान पोडियमवर, या विषयांना तीन कोटेशनं मागवून पुढच्या सभेत घेण्याचं ठरलं.

एक ठराव मात्र हात वर करून, एकमताने मंजूर झाला. गाळ आणि खराट्याने पार्किंगच्या पांढऱ्या रेघा पुसल्या गेल्या होत्या, त्या तातडीने मारून घ्याव्यात. रंगारी सोमवारी सकाळी आला. दुपारी ए-३०४ ने टेप आणली, आणि शेजाऱ्याची रेघ चार इंच आत आलीय म्हणून काम थांबवलं.