भांग पाडणाऱ्यांची बाजू

हिंगणघाट तालुक्यातल्या अल्लीपूरचा एखादा पोट्टा मित्राच्या बुलेटवर बसतो, गॉगल तिसऱ्याचा लावतो, फोटोला फिल्टर मारतो आणि खाली लिहितो, ‘किंग’. बाप तिकडे वेचणीच्या मजुरीचा हिशेब करत असतो. पारावरची मंडळी हसतात. मला हसू येत नाही. या येडेपणाची स्तुती व्हायला हवी, आणि ती मी मनापासून करतो आहे.

‘जसा आहेस तसा दिस’ असं आपण त्याला सांगतो. पण एकोणिसाव्या वर्षी आपण कसे आहोत, हे ठरलेलं असतं कुठे?

आपल्याच जिल्ह्यातल्या सेवाग्रामला बापूंची कुडाची कुटी आहे. तिथे साधेपणा पाहायला लोक लांबून येतात. पण १८८८ साली लंडनला गेलेल्या मोहनदासने एकोणीस शिलिंगांची उंच टोपी घेतली होती, बाँड स्ट्रीटवर दहा पौंडांचा सूट शिवला होता, भावाकडून घड्याळाची सोन्याची दुपदरी साखळी मागवली होती. नाचाचे धडे घेतले, व्हायोलिन घेतलं. रोज दहा मिनिटं भल्यामोठ्या आरशापुढे टाय आणि भांग नीट करण्यात जात. हे त्यांनीच आत्मचरित्रात लिहून ठेवलं आहे, काही न लपवता. सभ्य इंग्रज होण्याचं ते वेड तीनेक महिन्यांत उतरलं, कपड्यांचा टापटीपपणा पुढे कित्येक वर्षं राहिला. पंचा आला १९२१ मध्ये, मदुराईला. १९३१ मध्ये तोच माणूस त्याच लंडनमध्ये पंचा नेसून राजाला भेटला. मधली त्रेचाळीस वर्षं त्याला कोणी घाई केली नाही.

आजोबांचा भिंतीवरचा फोटोही आठवा. स्टुडिओतला रंगवलेला महाल, मनगटावर उसनं घड्याळ. त्याला आपण हार घालतो.

आणि चिकाटी तरी केवढी! २९ जून २०२० ला टिकटॉकवर बंदी आली, जुलैत इन्स्टाग्रामचं रील आलं, पोट्टे पुन्हा नाचू लागले. उद्या कसं दिसायचं याचा एवढा सराव दुसरं कोण करतं?

परवा संध्याकाळी धुऱ्यावर दगडाला मोबाइल टेकवून एक जण भांग पाडत होता. मागे फुटलेली पऱ्हाटी, वर लाल आभाळ.

‘काका, जरा बाजूनं व्हा न,’ तो म्हणाला.

मी लगेच तासातून बाजूला झालो. उजेड जायला दहाएक मिनिटं होती.