चौराह्यापुरतं डोकं

नानाकाकांच्या डोक्याला झाशीत दोनच ठिकाणी किंमत आहे: इलाइट चौराहा आणि चित्रा चौराहा. कारण तिथे शिपाई असतो. खंडेराव गेटकडून स्कूटर निघते तेव्हा बांधकामावरची एक पिवळी टोपी हँडलला लोंबत असते. चौक दिसला की नाना धावत्या गाडीवर एका हाताने ती टाळूवर ठेवतात आणि शिपाई मागे पडला की त्याच हाताने काढतात. म्हणजे अख्ख्या रस्त्यात गर्दीची जी जागा, नेमकी तिथेच त्यांची गाडी एका हातावर असते. त्यांना भीती 1000 रुपये दंडाची आणि तीन महिने लायसन्स जाण्याची. यमाकडे पावतीपुस्तक नसल्यामुळे त्याला ते मोजत नाहीत.

घराणं झाशीच्या नेवाळकर राज्यकर्त्यांच्या काळात कोकणातून इकडे आलेलं. पुणं नानांनी आयुष्यात एकदाच पाहिलं, तेही एका लग्नाच्या पंगतीपुरतं. पण 2019 च्या सुरुवातीला पुणेकर हेल्मेटसक्तीविरुद्ध रस्त्यावर उतरले हे वाचलं आणि आपलं रक्त अजून अस्सल आहे याची त्यांना खात्री पटली. गणेश मंदिरात भेटेल त्याला त्यांनी ती बातमी दाखवली.

भाचा एकदा आकडे घेऊन बसला. 2022 साली देशात रस्त्यांवर 1,68,491 माणसं गेली, त्यातली 22,595 उत्तर प्रदेशातली, सगळ्या राज्यांत जास्त. हेल्मेट न घालता गेलेले 50,029.

"म्हणजे बाकीचे लाखावर हेल्मेट घालूनच गेले की!" नाना म्हणाले.

त्या लाखात पायी चालणारे होते, मोटारीतले होते, ट्रकवाले होते, हे भाचा सांगेपर्यंत नानांचं पान जमून गेलं होतं. शिवाय त्यांच्या मते अपघात हायवेवर होतात. झाशीजवळ उत्तर-दक्षिण आणि पूर्व-पश्चिम असे दोन मोठे महामार्ग एकमेकांना छेदतात. मरायचं त्याने तिकडे जाऊन मरावं, माणिक चौकात कोण मरतं? डांबराला मात्र हा भेद कळत नाही. स्कूटरवरून पडणारं डोकं गल्लीतही तेवढ्याच उंचीवरून पडतं.

अपघात झाला की नाना तिथे सर्वांच्या आधी. चूक कोणाची याचा निकाल ते जागेवर देतात. आधी मोठ्या गाडीची, मग अन्ना जनावरांची, म्हणजे बुंदेलखंडात मोकाट सोडलेल्या गाईगुरांची, मग मेलेल्याच्या पत्रिकेची. वेगाची चूक त्यांनी अजून एकदाही काढलेली नाही. जखमीला उचलायची वेळ आली की "हात लावू नका, पोलिसांचं लचांड मागे लागेल" असा सल्ला देतात. मदत करणाऱ्याला त्रास द्यायचा नाही, हे सुप्रीम कोर्टाने 2016 मध्येच पक्कं केलं आणि 2019 मध्ये ते मोटार वाहन कायद्यातही आलं. नानांचं कायद्याचं ज्ञान दंडाच्या रकमेपाशी थांबतं.

नातवाला ते स्कूटरवर पुढे उभा करतात, आरसा धरून. काकूंनी हरकत घेतली तेव्हा नानांनी झाशीतला हुकमी एक्का काढला: "राणीसाहेबांनी हेल्मेट घातलं होतं का?"

"त्या इंग्रजांच्या वेढ्यातून निघाल्या होत्या, तुम्ही दूध आणायला निघालात," काकू म्हणाल्या. "आणि त्यांनी पोर पाठीशी बांधलं होतं!"

काकूंचं बरोबर होतं. राणीचा दामोदरराव तर चांगला आठ-नऊ वर्षांचा, तरी तो बांधलेला, असंच सगळे सांगतात. 2022 साली दिल्लीने नियम काढला की नऊ महिने ते चार वर्षांच्या मुलाला दुचाकीवर न्यायचं तर त्याला पट्ट्याने चालवणाऱ्याशी बांधायचं, हेल्मेट घालायचं आणि वेग 40 च्या वर न्यायचा नाही. राणीच्या पुतळ्यात जे गावभर दिसतं ते राजपत्रात यायला दीडशेच्या वर वर्षं लागली. झाशीकरांना त्याचा अभिमान वाटायला हवा होता. नानांनी नातवाला एवढंच सांगितलं, "आरसा घट्ट धर."

मग सप्टेंबर 2025 आला. उत्तर प्रदेशात महिनाभर हेल्मेट नाही तर पेट्रोल नाही. पंपावरच्या पोराने पिवळी टोपी पाहून हात जोडले, "दद्दा, ये हेलमेट नइयाँ." रांगेत एकच हेल्मेट या डोक्यावरून त्या डोक्यावर फिरत होतं. नानांची पाळी आली तेव्हा ते आतून ओलं होतं. मरणाला न भ्यालेला हा माणूस परक्याच्या घामाला भ्याला. दुसऱ्या दिवशी आयएसआयचं, भक्कम पट्ट्याचं हेल्मेट घरात आलं, फक्त पंपावर वापरायला.

पण त्या पट्ट्याची कळ नानांच्या बोटांना काही केल्या सुटेना. पंपावर चढवलेलं हेल्मेट घरी आल्यावर काकूंनी सोडवायचं, तोवर नानांना इलाज नाही. काकूंनी हे दोनदा पाहिलं. टाकी फुल करायला पैसे देणं त्यांनी बंद केलं. त्या महिन्यात मग रोज सकाळी एका लिटरचेच मिळाले.