‘नंतर देऊ’ची तारीख कोणती?

भोसरी एमआयडीसीत बोल्ट बनवणाऱ्या छोट्या कारखानदाराला पर्चेस ऑर्डर मिळते. त्याच गल्लीत राहून स्वतंत्र सिनेमे चित्रित करणाऱ्या छायालेखकाला नुसता शब्द मिळतो: ‘पिक्चर फेस्टिव्हलला लागू दे, मग तुझं बघू.’

या शब्दाचा मला मनापासून राग आहे. कॅमेरा आणि लेन्सवाला भाडं आधी घेतो. लाइटचा टेम्पो डिझेलचे पैसे घेतल्याशिवाय हलत नाही. थांबायचं कुणी, तर कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या माणसानं. मग तो चाकणच्या कंपन्यांच्या फिल्म करतो. असेंब्ली लाइन, वेल्डिंगचा रोबो, हेल्मेट घातलेले प्लांट हेड, शेवटी गेटवरून वर जाणारा ड्रोन. सीझनमध्ये लग्नं. घराचं भाडं त्यातूनच निघतं.

या कामाला नाकं मुरडणाऱ्यांनी २०१५ आठवावं. अविनाश अरुण यांनी दिग्दर्शित आणि चित्रित केलेला ‘किल्ला’ २६ जूनला लागला. बर्लिनमध्ये मुलांच्या ज्युरीनं त्याला आदल्या वर्षीच क्रिस्टल बेअर दिलं होतं. २४ जुलैला कानमध्ये गाजून आलेला ‘मसान’ आला आणि ३१ जुलैला अजय देवगणचा ‘दृश्यम’. पाच आठवड्यांत तीन सिनेमे, तिन्हींचे छायालेखक तेच. कोकणातला पाऊस, बनारसचा घाट आणि मोठ्या स्टारचा थरारपट एकाच नजरेतून उतरले. बाजारातल्या कामानं नजर बाटत नाही. फुकटच्या कामानं मात्र माणूस धंदा सोडून जातो, आणि त्याची बातमीही होत नाही.

बोल्टवाल्याच्या पाठीशी २००६चा एमएसएमई कायदा आहे. करारात काहीही लिहिलं तरी ४५ दिवसांच्या पुढे पैसे अडवता येत नाहीत; लेखी करारच नसेल तर मुदत १५ दिवसांची. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दरानं, दरमहा चक्रवाढ व्याज. आणि हा कायदा फक्त लेथ मशिनवाल्यांचा नाही! सेवा देणारे छोटे व्यावसायिकही त्यात येतात. ‘उद्यम’ पोर्टलवरची नोंदणी मोफत आहे; आधार आणि पॅन लागतं. काम घेण्याआधी ती करून ठेवावी आणि बिलावर तो नंबर छापावा. तक्रारीसाठी सुलभीकरण परिषद आहे.

तीस लाखांत सिनेमा करणाऱ्या निर्मात्याची ओढाताण मला कळते. त्याच्याकडे पैसे कमी असतील तर त्यानं कमी रक्कम सांगावी, पण ती कागदावर आणि तारखेसकट सांगावी. शूटिंगच्या पहिल्या दिवशी निम्मे, शेवटच्या दिवशी उरलेले, आणि ग्रेडिंगला बसण्याचे वेगळे. हे लिहून द्यायला जो निर्माता कुरकुरतो, त्याचा सिनेमा करू नका, गोष्ट कितीही आवडली असली तरी.