तोट्याचं खातं

प्रत्येक घराण्यात एक काका असतोच. वापरलेल्या पाकिटाच्या पाठीवर हिशोब लिहिणारा, फुकटची कोथिंबीर पिशवीत पडल्याशिवाय भाजीवाल्यासमोरून न हलणारा, आणि गावच्या पडक्या देवळाला मात्र कुणालाही न सांगता पैसे धाडणारा. जर्मन चित्रसृष्टीतला हा काका म्हणजे आर्टूर ब्राउनर. बर्लिनकर त्यांना लाडानं आट्झे म्हणत.

पोलंडमधल्या लॉड्झचे हे ज्यू गृहस्थ. नाझींनी त्यांचे 49 नातेवाईक मारले. तरी 1946 साली त्यांनी बर्लिनमध्येच ‘सीसीसी’ ही कंपनी थाटली आणि सुरुवातीलाच छळछावणीतून पळालेल्या माणसांवर ‘मोरिटुरी’ काढला. हे बघायला जर्मन प्रेक्षक मुळीच तयार नव्हता. चित्रपट साफ आपटला, कर्ज वर्षानुवर्षं पुरलं.

मग साहेबांनी मनात दोन खाती उघडली असावीत. नफ्याच्या खात्यात काय वाट्टेल ते चालायचं! नाचगाणी, विनोद, डॉक्टर माबुझेसारखे खलनायक. त्यांचाच जुना व्यवस्थापक होर्स्ट वेंडलांट वेगळा झाला आणि एडगर वॉलेसच्या रहस्यकथांवर गल्ला भरू लागला. ब्राउनर गप्प बसतात होय? त्यांनी वॉलेसच्या मुलाला, ब्रायन एडगर वॉलेसला गाठलं. आडनाव तेच, पोस्टरवर दिसतंही तसंच. या हिशोबाला दाद द्यायलाच हवी.

1959 मध्ये त्यांनी दिग्दर्शक फ्रिट्झ लांगला अमेरिकेहून परत आणून ‘एशनापूरचा वाघ’ आणि त्याचा उत्तरार्ध काढला. उदयपूरचे महाल, तलाव अस्सल. महाराजा मात्र रंग फासलेला युरोपीय, आणि देवळातल्या नागाची दोरी स्पष्ट दिसते. मूळ कादंबरी थेआ फॉन हार्बूची. या बाईंनी पुढे आपल्या बेळगावकडच्या अयी गणपत तेंडुलकरांशी गुपचूप लग्न केलं, म्हणून निदान आपण तरी नागाला हसताना जरा जपून हसावं.

या वाघ-नागांनी मिळवलेलं दुसऱ्या, म्हणजे तोट्याच्या खात्यात जायचं. ज्यूंच्या संहारावरचे असे 21 चित्रपट आज जेरुसलेमच्या याद वाशेम स्मारकात ठेवले आहेत. याच खात्यातला 1990 चा ‘हिटलरयुंगे सालोमोन’ जर्मन निवड समितीनं ऑस्करला पाठवलाच नाही. अमेरिकेनं त्याला गोल्डन ग्लोब दिलं. शेजाऱ्यांनी वाखाणलं आणि घरच्यांनी नाक मुरडलं, हा अनुभव असल्या काकांना नवा नसतो.

अडीचशेहून जास्त चित्रपट झाल्यावर माणूस थांबेल की नाही? 2006 मध्ये, वयाच्या 88 व्या वर्षी, त्यांनी बर्लिनहून आउश्वित्झला निघालेल्या एका गाडीवर चित्रपट काढला. खातं अर्थातच दुसरं. एशनापूरच्या वाघाचं दूध इतकी वर्षं पुरलं म्हणायचं.