खुट्ट की खट्ट?

बापूकाकांना तुम्ही ओळखता. तुमच्या सोसायटीत ते दुसऱ्या नावानं राहतात, एवढंच. रविवारी सकाळी पार्किंगमध्ये एखाद्या गाडीखालून दोन पाय बाहेर आलेले दिसतात, शेजारी बरणीचं उलटं झाकण असतं, झाकणात चार नटबोल्ट असतात, ते बापूकाका. या पायांजवळून मुकाट्यानं सटकायचं असतं. चाहूल लागली की खालून प्रश्न आलाच म्हणून समजा : "काय रे, तुझ्या गाडीला मागून आवाज येतो ना?"

येत नसतो. पण हा प्रश्न कानावर पडला की कालपर्यंत गप्प असलेली गाडीही मागून आवाज करायला लागते. आपण चाचरत म्हणतो, "येतो बहुतेक." मग पायांमागोमाग अख्खे बापूकाका बाहेर येतात, फडक्याला हात पुसतात आणि चष्म्यावरून बघत विचारतात, "खुट्ट की खट्ट?"

इथे "काहीतरी वाजतं" असं उत्तर दिलंत तर तुमची गणना अडाण्यांत होते. खुट्ट म्हणजे रबर गेलं, बुश बघायचे. खट्ट म्हणजे लोखंडाला लोखंड लागतंय. शॉकअपचं वरचं माउंटिंग, नाहीतर सैल बोल्ट. कर्र म्हणजे कुठेतरी कोरडं पडलंय. धप्प म्हणजे शॉकअपनी राम म्हटला आणि गाडी खड्ड्यात थेट बंपस्टॉपवर आदळतेय. आणि नुसती खडखड असेल तर तो गाडीचा दोष नाही, मालकाचा. आधी डिकी उपसा.

डिकीच्या बाबतीत काका निर्दय आहेत. तिसऱ्या मजल्यावरच्या सरांनी मागून आवाज येतो म्हणून दोन्ही शॉकअप बदलून घेतले होते. पैसे गेले, आवाज राहिला. काकांनी गाडीला हातसुद्धा लावला नाही. डिकीतलं कार्पेट उचललं, स्टेपनी काढली आणि खालच्या खळग्यातून आरतीची झांज बाहेर काढली. गणपतीला गावी नेलेली. परतताना तिथे पडली आणि पुढचे चार महिने रस्त्यातल्या प्रत्येक खड्ड्याची आरती करत राहिली. "शॉकअप चांगले होते तुमचे," काका म्हणाले. सरांनी तेव्हापासून जिना बदलला.

एवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण माणसाला एकदा कान फुटला की तो फक्त गाडीपुरता राहत नाही. आमचा मिक्सर खट्ट आहे. सत्यनारायणाला येणाऱ्या गुरुजींची घंटा खुट्ट आहे, कारण लोलक सैल झालाय. लिफ्टमध्ये काका कधीच बोलत नाहीत, ऐकतात. आणि बाहेर पडताना "अजून महिनाभर काढेल" असं म्हणून आपल्याला आत एकटं सोडून जातात. गुडघा दाखवायला डॉक्टरांकडे गेले, तेव्हा डॉक्टरांनी "दुखतं का?" असं विचारलं. काका म्हणाले, "दुखण्याचं सोडा. उजवा कर्र आहे, डावा खुट्ट. तुम्ही डाव्याचं बघा, उजव्याला नुसतं वंगण पुरेल."

दुसऱ्या मजल्यावरच्या मुलीला बघायला पाहुणे आले, तेव्हा त्यांची गाडी फाटकातल्या गतिरोधकावरून आत आली आणि काकांनी गॅलरीतूनच निकाल दिला : "मुलगा चांगला असेल, पण त्याचा मागचा डावा शॉकअप गेलाय आणि त्याला पत्ता नाही. पाठीमागचा आवाज ज्याला ऐकू येत नाही, तो बायकोचं काय ऐकणार?" ते लग्न पुढे पत्रिकेवरून मोडलं. श्रेय काका अजून घेतात.

बरं, हे गृहस्थ इंजिनियर असते तर आम्ही सोसलं असतं. त्यांची सगळी नोकरी एका बँकेच्या हिशेब खात्यात गेली. ताळेबंदात सात रुपयांचा फरक निघाला तर रात्री अकरापर्यंत बसून तो शोधणारा माणूस. निवृत्त झाल्यावर फरक शोधायला काही उरलं नाही, तेव्हा ते स्वतःच्या गाडीखाली शिरले.

ती गाडी म्हणजे 1986 सालची प्रीमियर पद्मिनी. फियाट 1100 च्या घराण्यातली, कुर्ल्याच्या कारखान्यात जन्मलेली. पुढे कॉइल स्प्रिंग, मागे अखंड अॅक्सल आणि तो तोलायला दोन बाजूंना शॅकलच्या कडीवर टांगलेले पाटे. हल्लीच्या छोट्या गाड्यांना मागे पाटे नसतात याचं काकांना मनापासून दुःख आहे. पाटा थकला की सांगतो, असं त्यांचं म्हणणं. गाडी एका अंगाला कलते. मग काका शिंप्याची टेप घेऊन चाकाच्या मध्यापासून मडगार्डच्या कडेपर्यंत माप घेतात, डावं-उजवं वहीत लिहितात आणि फरक निघाला की त्यांचा चेहरा खुलतो.

2023 च्या ऑक्टोबरात मुंबईतली शेवटची पद्मिनी टॅक्सी वयाची वीस वर्षं भरून रस्त्यावरून जाणार होती. त्याआधी काही दिवस काका मुद्दाम लोकलनं मुंबईला गेले, एका काळ्यापिवळ्या पद्मिनीत बसून उगाच फिरले आणि उतरताना ड्रायव्हरला म्हणाले, "पीछे बायें शॅकल का बुश गया है. खुट्ट आता है."

"चाचा, अगले हफ्ते भंगार में जा रही है."

"तो क्या हुआ? अगले हफ्ते तक तो आवाज करेगी ना?"

त्यांची तपासणी सुरू होते ती गाडीचा एकेक कोपरा दाबून. अंगाचा भार टाकून मागचा कोपरा खाली दाबायचा आणि सोडून द्यायचा. गाडी वर येऊन गप्प बसली तर शॉकअप ठीक. पुन्हा पुन्हा हिंदकळत राहिली तर गेले. परीक्षा बिनखर्चाची आणि खरी आहे. अडचण एवढीच, की ती कोणाच्या गाडीवर घ्यावी याचं काकांना भान नसतं. एका लग्नात मंगलाष्टकं चालू असताना मंगल कार्यालयाच्या आवारात एकामागून एक गाड्यांचे अलार्म कोकलायला लागले. निम्मं वऱ्हाड बाहेर धावलं. काका शांतपणे शेवटच्या रांगेत पोचले होते. "अकरातल्या चार गेल्यात," त्यांनी वरपित्याला सांगितलं.

कोपरा नापास झाला की मग खरा छळ सुरू होतो, आणि त्याला मदतनीस लागतो. मदतनीस म्हणजे टॉर्च धरणारा. "मी बघतोय तिथे धर," असा खालून हुकूम येतो. ते कुठे बघतायत हे वरून दिसत नाही, आणि विचारलं तर "आवाजाच्या दिशेनं!" असं उत्तर मिळतं. मग टॉमी घालून बुश हलवून बघणं, शॉकअपच्या अंगावर तेलकट धूळ चिकटली आहे का हे बोट फिरवून बघणं आणि ते बोट आपल्याला दाखवणं. धूळ कोरडी असेल तर शॉकअप जिवंत. ओली असेल तर आतलं तेल बाहेर आलं. गंजलेल्या बोल्टला ते आदल्या रात्री डिझेल पाजून ठेवतात आणि सकाळी पान्याला लांब पाइप जोडून म्हणतात, "घाई केली की बोल्ट तुटतो. लोखंडालासुद्धा विचार करायला रात्र लागते."

बेफिकीर मात्र ते कधीच नव्हते, हे सांगायला हवं. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली त्यांनी कधी बोटसुद्धा घातलं नाही. "जॅक उचलायला, स्टॅण्ड धरायला," हे वाक्य सोसायटीतल्या पोरांना पाढ्यांआधी पाठ झालंय. मागची चाकं हवेत गेली की हॅण्डब्रेक कामाचा राहत नाही, म्हणून पुढच्या चाकांना दोन्हीकडून दगड. शॉकअप बदलायचे तर जोडीनं. एकच बदलला तर गाडी लंगडते. हे सगळं मला पाठ आहे. पाठ व्हायला नको होतं.

या शास्त्रातला एक नियम तर माझ्या घरावरच शेकला. रबरी बुशमधला बोल्ट गाडी हवेत असताना शेवटचा आवळायचा नाही. चाकं लोंबकळत असतात, त्या अवस्थेत आवळला तर गाडी खाली आल्यावर रबराला कायमचा पीळ बसतो आणि बुश लवकर फाटतो. गाडीचं वजन चाकांवर आल्यावरच तो आवळायचा. नियम एवढाच आहे. काकांनी तो पुढे नेला. "गाडी जशी वापरता, तशी बसवा," म्हणाले. माझ्या गाडीच्या मागच्या बीमचे बुश बदलले तेव्हा आई, बाबा, बायको आणि शाळेचं दप्तर मांडीवर घेतलेला मुलगा, सगळे पार्किंगमध्ये बंद गाडीत बसून होते. खालून काका बोल्ट आवळत होते. येणारे-जाणारे काचेत डोकावून विचारत होते, "कुठे निघालात?" आई प्रत्येकाला सांगत होती, "कुठे नाही हो, वजन देतोय."

बाबा त्या दिवशी चिडले. त्यांनी काकांना "खुट्टवाला" हे नाव ठेवलं आणि पुढची दोन वर्षं दुसऱ्या नावानं हाक मारली नाही. पण खरं सांगायचं तर त्याआधी ती गाडी मी सेवाकेंद्रात देऊन आलो होतो. तिथल्या टापटीप तरुणानं माझी तक्रार टॅबवर लिहून घेतली होती, "मागून आवाज." गाडीत कोणी बसलं नाही. संध्याकाळी ती धुऊन, पुसून, अत्तर मारून परत आली आणि फाटकातल्या गतिरोधकावर खुट्ट वाजली.

मग बाबा न्हाणीघरात घसरून पडले. खुब्याचं हाड मोडलं, शस्त्रक्रिया झाली आणि घरी आणायचा दिवस ठरला. आदल्या दिवशी सकाळी काका दारात. हातात वही. "उद्या कोणत्या रस्त्यानं आणणार?" मी जवळचा रस्ता सांगितला. "त्यावर नऊ गतिरोधक आहेत. त्यातले चार कोणी कोणाला न विचारता केलेत. मागच्या रस्त्यानं लांब पडतं, पण दोनच आहेत. मी पहाटे जाऊन आलो."

आणायचं पद्मिनीतून, हेही त्यांनीच ठरवलं. पाट्यांची गाडी रिकामी असली की टणक चालते, उडते. भार पडला की पाटे वाकतात आणि चाल मऊ होते. म्हणून त्यांनी डिकीत वाळूची पोती टाकली, पुन्हा एक फेरी मारली, एक पोतं काढलं, पुन्हा फेरी मारली. मागच्या टायरमधली हवा किंचित कमी केली. काकूंनी मागच्या सीटवर गोधडी पसरली. परतीच्या वाटेवर काका इतक्या हळू चालवत होते की एक सायकलवाला मागे वळून बघत पुढे गेला. अख्ख्या रस्त्यात ते अवाक्षर बोलले नाहीत. बाबा डोळे मिटून होते. फाटकातला गतिरोधक आला तेव्हा मी श्वास धरला. गाडी चढली, उतरली.

"आलं का घर?" बाबांनी विचारलं.

आता इथे एखादा सुसंस्कृत माणूस "काळजी घ्या" म्हणून निघून गेला असता. काका म्हणाले, "दुसऱ्या गतिरोधकाला जरासं खुट्ट झालं. डावा शॅकल. तुम्हाला जाणवलं का?" बाबांनी डोळे उघडले आणि थोडा विचार करून म्हणाले, "डावीकडे ना? हो, किंचित. पण ते खट्ट होतं हो, बापूराव."

त्यावर त्या दोघांचा वाद झाला, तो अजून मिटलेला नाही. बाबा आता वॉकर घेऊन खाली जातात, प्लास्टिकच्या खुर्चीत बसतात आणि वरून दिशा देतात. टॉर्च मात्र मीच धरतो.

परवा पद्मिनीचं पासिंग होतं. पंधरा वर्षं उलटली की दर पाच वर्षांनी गाडीला ही परीक्षा असते. काका महिनाभर तयारीत होते. ब्रेक, दिवे, टायर, शॉकअप, सगळं चोख केलं. गाडी घेऊन गेले ते सकाळी आठला. दुपारी परत आले ते पडलेल्या चेहऱ्यानं. काकूंना वाटलं, गेली गाडी. त्यांनी विचारलं, "अहो, काय झालं?"

"पास केली."

"मग तोंड का पाडलंय?"

काका स्टुलावर बसले. "सगळं दुरुस्त करून नेली होती. फक्त डाव्या शॅकलचा बुश मुद्दाम तसाच ठेवला होता. साहेबांना ओळखता येतो का, बघायला." फडक्यानं ते कोरडेच हात पुसत राहिले. "नंबरप्लेट बघितली, चासी नंबर बघितला, सही केली. गाडीत बसलेसुद्धा नाहीत गं."